तेनेरीफेच्या धावपट्टीवरचं ‘ओके’

रविवार, २७ मार्च १९७७. स्पेनच्या कानारी बेटांपैकी तेनेरीफेवरचा लॉस रोदेओस विमानतळ. संध्याकाळचे पाच वाजून सहा मिनिटं आणि अठरा सेकंद झाले असताना तिथल्या नियंत्रकानं रेडिओवर एक शब्द उच्चारला : ‘ओके’. मग जवळपास दोन सेकंद तो थांबला आणि पुढचं वाक्य बोलला. त्या शब्दानंतर साधारण बत्तीस सेकंदांनी दोन बोइंग ७४७ विमानं धावपट्टीवर एकमेकांना धडकली. ५८३ माणसं मेली. विमान अपघातांत एवढी मनुष्यहानी त्याआधी कधी झाली नव्हती, नंतरही झालेली नाही.

‘एका ओकेनं ५८३ जीव घेतले’ असं कुणी सांगू लागलं, तर त्याला तिथेच थांबवावं. कॉकपिटमधल्या ध्वनिमुद्रणाच्या वेळा बघितल्या की कळतं, नियंत्रक ‘ओके’ म्हणाला तेव्हा केएलएम या डच कंपनीच्या विमानाचे ब्रेक सुटून सात सेकंद होऊन गेले होते. त्या शब्दानं विमान निघालं नाही. निघालेलं विमान थांबण्याची जी शक्यता उरली होती, ती मात्र त्यानं आणि त्याच्या मागच्या दोन सेकंदांच्या शांततेनं जवळजवळ मिटवली. रोज शंभरदा वापरला जाणारा हा शब्द तिथे नेमका कुठे निसटला, एवढाच या प्रकरणाचा विषय आहे.

धावपट्टीवर दोन विमानं कशी आली

त्या दुपारी शेजारच्या ग्रान कानारिया बेटावर, लास पाल्मासच्या विमानतळाच्या इमारतीत बॉम्ब फुटला आणि दुसरा असल्याची धमकी आली. विमानतळ बंद झाला आणि तिकडे निघालेली विमानं लॉस रोदेओसकडे वळवण्यात आली. त्यांत ॲमस्टरडॅमहून आलेलं केएलएम ४८०५ होतं आणि लॉस एंजेलिसहून न्यूयॉर्कमार्गे आलेलं पॅन ॲम या अमेरिकी कंपनीचं १७३६. छोट्या विमानतळावर गर्दी इतकी झाली की धावपट्टीला समांतर जाणारा टॅक्सीवे, म्हणजे विमानांनी जमिनीवरून ये-जा करायचा रस्ता, उभ्या विमानांनी अडला. लास पाल्मास पुन्हा उघडल्यावर पॅन ॲम निघायला तयार होतं. पण पुढे उभं असलेलं केएलएम तेव्हाच ५५,५०० लिटर इंधन भरून घेत होतं आणि त्याच्या बाजूनं निघायला जागा नव्हती.

टॅक्सीवे अडल्यामुळे धावपट्टीच्या टोकाला जायचं तर धावपट्टीवरूनच उलट जावं लागणार होतं. केएलएम पुढे गेलं आणि टोकाला पोहोचून पूर्ण वळून उभं राहिलं. पॅन ॲम त्याच पट्टीवरून मागोमाग येत होतं. त्यानं डावीकडच्या तिसऱ्या फाट्यावरून बाहेर पडायचं होतं. कोणता तिसरा, याबद्दल कॉकपिटमध्ये शंका होती म्हणून त्यांनी पुन्हा विचारलं, आणि नियंत्रकानं अक्षरशः मोजून दाखवलं : ‘वन, टू, थ्री, थर्ड, थर्ड वन.’ तरी तो फाटा मागे राहिला आणि विमान चौथ्याच्या दिशेनं पुढे गेलं. जंबो जेटसाठी तिसऱ्या फाट्याचं वळण जवळजवळ मागे फिरण्याइतकं तिरकं होतं, चौथ्याचं सोपं होतं.

हा विमानतळ समुद्रसपाटीपासून ६३३ मीटर उंचीवर आहे, त्यामुळे वाहते ढग थेट पट्टीवर उतरतात. टॉवरला दोन्ही विमानं दिसत नव्हती, विमानांना एकमेकं दिसत नव्हती आणि जमिनीवरच्या हालचाली दाखवणारं रडार तिथे नव्हतं. कोण कुठे आहे हे कळायला उरला एकच मार्ग, रेडिओवरचे शब्द. या रेडिओची एक खोड अशी की एका वेळी एकालाच बोलता येतं. दोघांनी एकदम बटण दाबलं तर तिसऱ्याच्या कानात दोघांच्या बोलण्यावर कर्कश शिट्टी बसते.

दोन परवानग्या, एक शब्द

विमान उडायच्या आधी त्याला दोन वेगवेगळ्या परवानग्या लागतात. पहिली मार्गाची : उडाल्यावर कुठल्या दिशेनं वळायचं, किती उंचीवर जायचं, कुठल्या खुणेपर्यंत जायचं. दुसरी प्रत्यक्ष उड्डाणाची : आता निघा. पहिली मिळाली म्हणजे दुसरी मिळाली असं होत नाही. केएलएमच्या सहवैमानिकानं दोन्हींचा उल्लेख एकाच वाक्यात केला. उत्तरात नियंत्रकानं फक्त मार्ग सांगितला, पण त्या सांगण्यात ‘राइट टर्न आफ्टर टेक-ऑफ’ असे शब्द होते. म्हणजे परवानगी नसलेल्या गोष्टीचं नाव परवानगीच्या वाक्यात येऊन गेलं. शिवाय घाईत त्यानं विमानाचा क्रमांकही चुकवला, ४८०५ ऐवजी ८७०५. तो कुणी दुरुस्त केला नाही.

पुढचा क्रम असा. वेळा ध्वनिमुद्रणातल्या आहेत.

१७:०५:४४ – केएलएम : उड्डाणाला तयार आहोत, मार्गाच्या परवानगीची वाट पाहतो आहोत.

१७:०५:५३ – नियंत्रक मार्ग सांगतो : पापा बीकनपर्यंत, उंचीची पातळी नऊ-शून्य, उड्डाणानंतर उजवं वळण...

१७:०६:०९ – सहवैमानिक तो मार्ग परत वाचून दाखवू लागतो. तो बोलत असतानाच ब्रेक सुटतात आणि कॅप्टन डचमध्ये म्हणतो, ‘निघू या.’ सहवैमानिक वाचन संपवतो ते या शब्दांनी : ‘वी आर नाऊ ॲट टेक-ऑफ.’

१७:०६:१८ – नियंत्रक : ‘ओके.’

१७:०६:१९ – पॅन ॲम मध्येच बोलू लागतं : ‘नो... अं...’

१७:०६:२० – नियंत्रक : ‘स्टँड बाय फॉर टेक-ऑफ, आय विल कॉल यू.’ त्याच क्षणी पॅन ॲम : आम्ही अजून धावपट्टीवरच चाललो आहोत. केएलएमच्या कॉकपिटमध्ये सुमारे चार सेकंद शिट्टी.

१७:०६:२५ – नियंत्रक पॅन ॲमला : धावपट्टी मोकळी केली की कळवा.

१७:०६:२९ – पॅन ॲम : ‘ओके, वुइल रिपोर्ट व्हेन वुई आर क्लिअर.’

१७:०६:३२ – केएलएमचा फ्लाइट इंजिनिअर : ते बाहेर गेलं नाही का?

१७:०६:५० – धडक.

‘ॲट टेक-ऑफ’ हे तीन शब्दही संशयित आहेत. काहींना ध्वनिफितीत ‘अं, टेकिंग ऑफ’ असंही ऐकू येतं. ‘ॲट’ मानलं, तर भाषाशास्त्रज्ञ देतात ते एक स्पष्टीकरण पटण्यासारखं आहे. डचमध्ये एखादी क्रिया चालू आहे हे सांगायला ‘आन हेत’ अशी शब्दजोडी मूळ क्रियापदाआधी लावतात. त्या सवयीनं इंग्रजी बोललं की ‘उडतो आहोत’चं ‘ॲट टेक-ऑफ’ होऊ शकतं. स्पॅनिश नियंत्रकाच्या कानाला मात्र ‘ॲट’ म्हणजे जागा : उड्डाणाच्या ठिकाणी उभे आहोत. मराठीत ‘आम्ही टेक-ऑफला आहोत’ म्हणून बघा. तयारीत आहोत की निघालो? तोच घोळ.

‘ओके’ किती कामं करतो

हा शब्द छापून आल्याची सगळ्यात जुनी ज्ञात नोंद ‘बॉस्टन मॉर्निंग पोस्ट’च्या २३ मार्च १८३९ च्या अंकातली आहे. ‘ऑल करेक्ट’चं स्पेलिंग मुद्दाम चुकवून ‘ऑल कोरेक्ट’ लिहायचं आणि त्याची आद्याक्षरं घ्यायची, अशी ती त्या काळची थट्टा. ॲलन वॉकर रीड यांनी १९६३-६४ मध्ये हे पुराव्यानिशी दाखवलं. १८४० च्या अमेरिकी निवडणुकीत मार्टिन व्हॅन ब्युरेन यांचं ‘ओल्ड किंडरहूक’ हे टोपणनाव त्याच अक्षरांत बसलं आणि तशा बाकीच्या थट्टा विसरल्या गेल्या तरी ही टिकली. पुढे तारायंत्रवाल्यांनी संदेश मिळाल्याची खूण म्हणून तो उचलला. इथे एक गोष्ट नजरेतून सुटू नये. मूळ अर्थ होता ‘सगळं बरोबर आहे’, तारायंत्रावरचा अर्थ झाला ‘संदेश मिळाला’. शब्दाच्या पहिल्या काही दशकांतच त्याच्या पोटात हे दोन वेगळे निरोप जाऊन बसले.

आज त्याच्या पोटात काय काय आहे? ‘जेवण ओके होतं’ म्हणजे बेताचं. ‘पेपर ओके केला’ म्हणजे मंजूर केला, इथे तो क्रियापद आहे. ‘यंत्र ओके आहे’ म्हणजे बिघाड नाही. ‘मी येऊ का?’ ‘ओके’ म्हणजे परवानगी. ‘हे करून टाक’ ‘ओके’ म्हणजे करतो, वचन. ‘गाडी उशिरा येणार आहे’ ‘ओके’ म्हणजे फक्त कानावर आलं. वर्गात शिरून शिक्षक ‘ओके, पान उघडा’ म्हणतात तेव्हा त्याला काहीच अर्थ नसतो. मागचं संपलं, पुढचं सुरू, एवढीच ती खूण. ‘ओके?’ असा सूर चढवला तर तो प्रश्न. ‘ओके ओके’ असा जोडीनं आला तर बहुधा ‘आता पुरे’.

इंग्रजी संभाषणाचा बारकाईनं अभ्यास करणाऱ्यांनी फार पूर्वी दाखवून दिलं आहे की फोनवरचं बोलणं संपवताना निरोपाआधी दोन्हीकडून ‘ओके’ येतो. ‘माझ्याकडे आता सांगायचं काही नाही, तुझ्याकडे असेल तर बोल’ असा त्याचा अर्थ असतो. म्हणजे हा शब्द बोलण्याची पाळी सोडूनही देतो आणि वर्गातल्या शिक्षकासारखी पाळी पकडूनही ठेवतो. कोणतं काम चालू आहे हे ठरतं त्यानंतर किती वेळ जातो त्यावर. लगेच पुढचे शब्द आले तर पाळी पकडली. शांतता पसरली तर सोडली.

संगणकाच्या पडद्यावरही हा गोंधळ रोज भेटतो. ‘ऑर्डर रद्द करायची आहे का?’ असं विचारून खाली ‘ओके’ आणि ‘कॅन्सल’ अशी दोन बटणं. रद्द करायला ‘ओके’ दाबायचं आणि रद्द न करायला ‘कॅन्सल’. उपाय साधा आहे : बटणावर क्रियापद लिहावं, ‘ऑर्डर रद्द करा’ आणि ‘राहू द्या’. गंमत म्हणजे ॲपलच्या लिसा संगणकावर आधी ‘डू इट’ असंच बटण होतं. चाचणीत काही लोकांनी ते ‘डोल्ट’, म्हणजे मूर्ख, असं वाचलं आणि त्या जागी ‘ओके’ आला.

नियंत्रकाचा ‘ओके’ कोणता?

या सगळ्या अर्थांतून त्या ‘ओके’चा अर्थ निवडायचा, तर मराठीत एक सोपी चाचणी करता येते. ‘ओके’ काढायचा आणि त्या जागी पाळीपाळीनं ‘ऐकलं’, ‘चालेल’, ‘करतो’, ‘बरोबर’, ‘हं, तर मग’ हे शब्द ठेवायचे. जो एकटाच बसतो तो अर्थ. दोन बसले तर वाक्य सदोष आहे, मग ऐकणारा कितीही हुशार असो.

नियंत्रकाचं पूर्ण बोलणं घेतलं तर : ‘हं, तर मग... उड्डाणासाठी थांबा, मी सांगतो.’ छान बसतं. ‘ऐकलं... उड्डाणासाठी थांबा’ हेही बसतं. ‘चालेल... उड्डाणासाठी थांबा’ बसत नाही. म्हणजे पूर्ण वाक्य हातात असणाऱ्याला शंका येण्याचं कारण नाही, आणि ध्वनिफितीचा लेखी उतारा वाचणारे सगळे याच सुस्थितीत असतात. स्पॅनिशमध्ये बोलणं सुरू करताना ‘बुएनो’, ‘बाले’ असे शब्द सहज पुढे लागतात. इंग्रजीत त्यांची जागा ‘ओके’नं घेणं अगदी स्वाभाविक आहे.

आता केएलएमच्या कॉकपिटमध्ये बसा. ‘आम्ही टेक-ऑफला आहोत.’ ‘ओके.’ शांतता. मग शिट्टी. इथे ‘ऐकलं’ बसतं, ‘चालेल’ बसतं, ‘बरोबर’ही बसतं. पाचांपैकी तीन! आणि ज्याच्या हातात आधीच वाढत जाणारी गती आहे, त्याला तिघांपैकी कोणता ऐकू येणार हे सांगायला नको. मराठीचं कौतुक करण्याआधी हेही सांगायला हवं की ‘ओके’च्या जागी आपलं ‘बरं’ असतं तरी फार फरक पडला नसता. ‘बरं’ ऐकल्याचंही असतं आणि मान्य केल्याचंही. घरात ‘बरं’ म्हणून काम न करणारी माणसं याच फटीत राहतात.

पण त्या शांततेनं दुसरंही एक काम केलं, आणि आमच्या मते ते जास्त महागात पडलं. पॅन ॲमच्या कॉकपिटनं ‘ॲट टेक-ऑफ’ ऐकलं होतं आणि ते अस्वस्थ झाले होते, कारण ते स्वतः त्याच पट्टीवर होते. त्यांना लगेच बोलायचं होतं, पण नियंत्रकाची पाळी चालू होती. ‘ओके’ आला, पुढे काही आलं नाही. पाळी सुटली असं समजून त्यांनी बटण दाबलं. नियंत्रकाच्या लेखी पाळी सुटलीच नव्हती, तो पुढच्या वाक्याची जुळवाजुळव करत होता. परिणामी केएलएमला वाचवू शकणारी दोन वाक्यं, ‘थांबा’ आणि ‘आम्ही अजून पट्टीवर आहोत’, एकमेकांवर आदळली. एकेकटं आलं असतं तर यांतलं कुठलंही एक पुरलं असतं. ‘ओके’ न म्हणता नियंत्रकानं थेट ‘स्टँड बाय’नं सुरुवात केली असती, तर ते दोन शब्द शिट्टी सुरू होण्याआधीच पोहोचले असते. दोन सेकंदांत तेवढे शब्द सहज बसतात.

चौकशी अहवालाप्रमाणे शिट्टीतूनही ते शब्द काही प्रमाणात कळण्याजोगे होते. त्यामुळे ‘काहीच ऐकू आलं नाही’ असं म्हणता येत नाही. ऐकू येणं आणि लक्ष जाणं यांतलं अंतर मात्र मोठं होतं. उत्तर मिळालं असं वाटल्यावर माणूस पुढचं उत्तर शोधत नाही.

दुसरा ‘ओके’, आणि एक ठाम होकार

अकरा सेकंदांनी पॅन ॲमनं म्हटलेला ‘ओके’ पहा. नियंत्रकानं सांगितलं, मोकळी केली की कळवा. उत्तर : ओके, मोकळी केली की कळवतो. इथेही ‘ओके’ आहे, पण तो निरुपद्रवी आहे, कारण त्याच्या पाठोपाठ न थांबता संपूर्ण आज्ञा परत म्हटली आहे. ‘ओके’ गाळला तरी अर्थाचा कण हरवत नाही. हे बोलणं केएलएमच्या कॉकपिटमध्ये स्वच्छ ऐकू आलं आणि फ्लाइट इंजिनिअरला त्यावरून शंका आली. पॅन ॲम ‘कळवतो’ म्हणतंय, म्हणजे अजून आत आहे.

त्यानं विचारलं, ते बाहेर गेलं नाही का? कॅप्टननं विचारलं, काय म्हणालास? त्यानं पुन्हा विचारलं, ते पॅन अमेरिकन बाहेर गेलं नाही का? उत्तर आलं, ‘यावेल.’ नकारार्थी प्रश्नाला ठाम होकार देण्यासाठी डचमध्ये हा खास शब्द आहे. मराठीत ‘गेलं नाही का?’ला नुसतं ‘हो’ म्हटलं तर कोडं उरतं. आपल्याला ‘गेलं की!’ म्हणावं लागतं. ‘यावेल’ म्हणजे नेमकं तेच ‘गेलं की!’ त्या संध्याकाळच्या सगळ्या संभाषणातलं सर्वांत निःसंदिग्ध उत्तर हेच होतं, आणि तेच चुकीचं होतं.

फ्लाइट इंजिनिअर पुढे बोलला नाही. कॅप्टन याकोब फेल्डहुइझेन फान झांतेन हे केएलएमचे वरिष्ठ प्रशिक्षक होते आणि सहवैमानिकाचा ७४७ वरचा अनुभव ९५ तासांचा होता. अहवालानं आणखी एका गोष्टीकडे लक्ष वेधलं. प्रशिक्षक वर्षानुवर्षं सिम्युलेटरवर शिकवतो तेव्हा नियंत्रकाची भूमिकाही तोच करतो, परवानगी तोच देतो. तिथे परवानगीसाठी ताटकळावं लागत नाही.

केएलएमच्या विमानातले सर्व २४८ जण आणि पॅन ॲमच्या ३९६ पैकी ३३५ जण मरण पावले. स्पेनच्या चौकशीनं मूळ कारण म्हणून केएलएमच्या कॅप्टननं परवानगीविना उड्डाण केल्याचं नोंदवलं. डच बाजूनं रेडिओवरच्या संदिग्धतेवर अधिक भर दिला. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात.

त्यानंतर शब्दांचं काय केलं

स्पॅनिश अहवालानं तीन शिफारशी केल्या : सूचना तंतोतंत पाळणं, प्रमाणित, थोडक्यात आणि एकाच अर्थाची भाषा वापरणं, आणि मार्गाच्या परवानगीत ‘टेक-ऑफ’ हा शब्द टाळून दोन परवानग्यांमध्ये पुरेसा अवधी ठेवणं.

तिसरीचा परिणाम आज जगभर ऐकू येतो. ‘टेक-ऑफ’ हा शब्द आता कुलूपबंद आहे. प्रत्यक्ष उड्डाणाची परवानगी देताना किंवा ती मागे घेतानाच तो उच्चारायचा. बाकी सगळीकडे ‘डिपार्चर’. ‘उड्डाणाला तयार’ हेसुद्धा ‘रेडी फॉर डिपार्चर’. पट्टीवर येऊन उभं राहायला सांगायचं तर ‘लाइन अप अँड वेट’. अमेरिकेत हेच ‘पोझिशन अँड होल्ड’ म्हणत, ते बदलून २०१० मध्ये तिथेही ‘लाइन अप अँड वेट’ आलं.

‘ओके’चं काय? आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटनेच्या प्रमाणित शब्दांच्या यादीत ‘ओके’ नाही. त्याच्या पोटातली कामं वेगवेगळ्या शब्दांना वाटून दिलेली आहेत. ‘रॉजर’ म्हणजे तुमचा शेवटचा संदेश पूर्ण मिळाला, याहून जास्त काही नाही. ‘विल्को’ म्हणजे समजलं आणि तसं करतो. ‘अफर्म’ म्हणजे हो. ‘अप्रूव्ह्ड’ म्हणजे मागितलेली परवानगी दिली. ‘करेक्ट’ म्हणजे बरोबर. ‘स्टँड बाय’ म्हणजे थांबा, मी बोलावीन, आणि हे ना होकार ना नकार. ‘अनेबल’ म्हणजे जमणार नाही.

यांत बारकावे आहेत. ‘अफर्मेटिव्ह’ पूर्ण न म्हणता ‘अफर्म’वर तोडतात, कारण ‘निगेटिव्ह’चाही शेवट तसाच आहे आणि सुरुवातीचा भाग खरखरीत गेला तर हो आणि नाही सारखेच ऐकू येतील. ‘रॉजर’ हे जुन्या उच्चारवर्णमालेत ‘आर’ या अक्षराचं नाव, आणि ‘आर’ म्हणजे ‘रिसीव्ह्ड’. त्या अक्षराचं नाव आता ‘रोमिओ’ आहे, पण ‘रॉजर’ राहिला. हो किंवा नाही अपेक्षित असलेल्या प्रश्नाला, किंवा परत म्हणून दाखवायच्या सूचनेला ‘रॉजर’ हे उत्तर चालत नाही. हा नियम मुद्दाम लिहावा लागला, कारण ‘रॉजर’चाही हळूहळू ‘ओके’ होऊ लागतो. एका शब्दात भागतं म्हटल्यावर जीभ तिकडेच वळते.

हीच विभागणी विमानांबाहेरही करता येते. पाळी बदलताना यंत्र सोपवणारे, रुग्ण सोपवणारे, फोनवर काम वाटून घेणारे सगळे यात येतात. संदेशाला ‘ओके’ लिहिण्याऐवजी ‘वाचलं, उत्तर नंतर देतो’, ‘मंजूर’ किंवा ‘आज संध्याकाळपर्यंत करतो’ यांपैकी जे खरं असेल ते लिहायचं. समोरून नुसतं ‘ओके’ आलं आणि त्यावर काही निघणार असेल, तर निघण्याआधी प्रश्न हो-नाहीच्या साच्यात घालून पुन्हा विचारायचा : ‘म्हणजे मी सुरू करू?’ सूचना परत म्हणताना तिच्या शेपटाला नवी माहिती जोडायची नाही. सहवैमानिकाची चूक तीच होती. मार्ग परत वाचून दाखवला आणि त्याच श्वासात ‘आता टेक-ऑफला आहोत’ हे नवं सांगितलं. ऐकणारा वाचन पडताळत असतो, ते जुळलं की तो ‘ओके’ म्हणतो, आणि नवी माहिती पडताळणीविनाच त्या ‘ओके’खाली जाते.

यादी बदलली म्हणून जिभा लगेच बदलल्या नाहीत. २५ जानेवारी १९९० च्या रात्री न्यूयॉर्कच्या आकाशात एकूण ७७ मिनिटं घिरट्या घातलेलं आव्हिआंका ५२ हे बोइंग ७०७ इंधन संपून लाँग आयलंडवर कोसळलं. १५८ पैकी ७३ जण मेले. पहिला उतरण्याचा प्रयत्न फसल्यावर सहवैमानिकानं उंचीची सूचना परत म्हटली आणि तिच्या शेपटाला जोडलं, आमचं इंधन संपत आलं आहे, सर. नियंत्रक म्हणाला, ‘ओके’, आणि वळायची दिशा सांगितली. ‘इमर्जन्सी’ हा शब्द कॉकपिटमधून रेडिओवर एकदाही गेला नव्हता.

२०१२ पासून इंधनासाठी दोन ठरलेले शब्दप्रयोग आहेत. ‘मिनिमम फ्युएल’ म्हणजे आणखी उशीर झाला तर राखीव साठ्याला हात लागेल. ही अजून आणीबाणी नाही. ‘मेडे, मेडे, मेडे, फ्युएल’ म्हणजे राखीव साठ्याला हात लागणारच आहे, ही आणीबाणी. आणि यावर नियंत्रकानं द्यायचं उत्तरही ठरलेलं आहे : विमानाचं नाव घ्यायचं आणि म्हणायचं, ‘रॉजर मेडे’.